जपानची एंटरटेनमेंट इंडस्ट्री: कल्चर किती आणि कॉन्ट्रॅक्ट किती

तुमचा प्रश्न थोडक्यात असा होता की अ‍ॅनिमे (जपानी कार्टून सिरीज आणि सिनेमे), मांगा (जपानी कॉमिक्स), जे-पॉप जगभर एवढं चालतंय तरी चित्रं काढणाऱ्याला पैसे का मिळत नाहीत, ही इंडस्ट्री नक्की चालवतं कोण, आणि यात जपानी कल्चर खरंच असतं की आपणच बाहेरून चिकटवतो. मी टोकियोत लायसन्सिंगमध्ये काम करते. सुरुवात दुभाषी म्हणून झाली, पुण्यात जपानी शिकून इकडे आलेल्या बऱ्याच जणांची तशीच होते, आणि आता जपानी कंपन्या आणि भारतातले खरेदीदार यांच्यातले कागदही माझ्याच टेबलावरून जातात. त्यामुळे जे रोज बघते त्यावरून सांगते, जरा लांबेल.

माझं मत आधीच सांगते. कल्चर आहे, भरपूर आहे, पण ते किमोनो आणि साकुराच्या फुलांत शोधू नका, मिटिंगमध्ये बघा. निर्णय कसा होतो, जबाबदारी कशी वाटली जाते, आतला कोण आणि बाहेरचा कोण, तिथे ते दिसतं. पण पैशाचा विषय आला की 'जपानी लोक असेच, मुकाट्याने कष्ट करतात' हे जे उत्तर सगळीकडे ऐकू येतं ना, ते मला अजिबात पटत नाही, तिथे कॉन्ट्रॅक्ट काढून वाचायचं.

अ‍ॅनिमेपासून सुरू करू. कुठल्याही सिरीजचे क्रेडिट्स शेवटपर्यंत थांबून बघितले तर बऱ्याचदा सिरीजचं नाव आणि त्यापुढे 'सेइसाकु इइनकाई' दिसतं, म्हणजे प्रॉडक्शन कमिटी. ही वेगळी कंपनी नसते. मांगा छापणारा प्रकाशक, टीव्ही चॅनल, म्युझिक कंपनी, खेळणी बनवणारी कंपनी, गेमवाले, जाहिरात एजन्सी असे सगळे थोडे थोडे पैसे टाकतात आणि भागीदारी करतात, त्यातला एक जण मुख्य असतो, तो मिटिंग बोलावतो, हिशोब ठेवतो. १९९० च्या दशकात ही पद्धत नीट रुळली आणि तिचं कारण साधं आहे, बहुतेक सिरीज पैसे परत देत नाहीत आणि एखादीच तुफान चालते, मग बुडाली तर कुणा एकाचं दिवाळं निघू नये. रिस्क वाटून घेणं, एकट्याने पुढे न होणं, हे जपानी ऑफिसात काम केलेल्या कुणालाही लगेच ओळखीचं वाटेल.

पण कमिटीत असण्याचा खरा फायदा नफ्याच्या वाट्यात नाही, तो खिडकीत आहे. इकडे 'मादोगुची' म्हणतात. प्रत्येक मेंबरला एकेका धंद्याची खिडकी मिळते, खेळणीवाल्याला मर्चंडाइज, म्युझिकवाल्याला गाणी, कुणाला परदेशी विक्री, आणि त्या खिडकीतून जो माल जाईल त्यावर तो आधी आपलं कमिशन कापून घेतो, मग उरलेलं कमिटीत येतं. म्हणजे सिरीज एकूण हिशोबात तोट्यात गेली तरी खिडकीवाल्याच्या हातात काहीतरी पडतंच. भारतातून फोन येतो, मॅडम मालक कोण आहे सांगा, त्याच्याशी डायरेक्ट बोलतो. आता काय सांगणार, मालक असा कुणी एक नसतोच, स्ट्रीमिंगचे राइट्स एकाकडे, टीशर्टचे दुसऱ्याकडे, गेमचे तिसऱ्याकडे, आणि टीशर्टवर हिरोचा चेहरा हवा असेल तर मूळ लेखकाच्या बाजूने तपासणी वेगळी, त्यात साध्या कीचेनच्या सॅम्पलवर डोळ्यातला पांढरा ठिपका चुकलाय म्हणून परत पाठवलेलं मी कितीदा बघितलंय. मुंबईतला माणूस वैतागतो, त्याला वाटतं हे टाळतायत. टाळत नसतात. प्रत्येक कंपनीत कागद खालून वर फिरतो, सगळ्यांशी आधी एकेकट्याने बोलून झालेलं असतं, आणि प्रत्यक्ष मिटिंगमध्ये कुणी 'नाही' म्हणायची वेळच येऊ देत नाहीत. त्यामुळे मिटिंगमध्ये नवीन मुद्दा काढला की सगळे गप्प होतात, तो अपमान नसतो, त्या मुद्द्यावर आपापल्या कंपनीत जाऊन विचारायचं असतं. हे एकदा समजलं की काम सोपं होतं, मिटिंगच्या आधीच प्रत्येकाला ईमेल टाकायची, संपलं.

आता यात प्रत्यक्ष चित्रं काढून सिरीज बनवणारा स्टुडिओ कुठे आहे? बहुतेक वेळा कमिटीच्या बाहेर. त्याला ठरलेली फी मिळते, काम वाढलं तर तोटा त्याचा, सिरीज हिट झाली तरी फी तेवढीच. आकडा बघा. जपानच्या अ‍ॅनिमे असोसिएशनच्या हिशोबाने २०२३ मध्ये अ‍ॅनिमेचं जगभरातलं मार्केट साधारण ३.३ लाख कोटी येन होतं, त्यातलं निम्म्याहून जास्त जपानबाहेरून आलं. त्याच वर्षी तेइकोकु डेटाबँक या कंपन्यांची माहिती गोळा करणाऱ्या संस्थेच्या हिशोबात सगळ्या प्रॉडक्शन स्टुडिओंची मिळून उलाढाल सुमारे ३४ हजार कोटी येन. म्हणजे दहावा हिस्सा. आणि त्या दहाव्या हिश्श्यातून सबकॉन्ट्रॅक्ट, त्याखाली अजून सबकॉन्ट्रॅक्ट, आणि सगळ्यात खाली घरी बसून दोन मुख्य चित्रांच्या मधली चित्रं काढणारी पोरं, ज्यांना चित्रामागे पैसे मिळतात, एका चित्राला दोनएकशे येन. अ‍ॅनिमेटर लोकांच्या संघटनेने २०१५ मध्ये सर्व्हे जाहीर केला तेव्हा या मधली चित्रं काढणाऱ्यांची सरासरी वर्षाची कमाई ११ लाख येन निघाली होती. टोकियोत एवढ्यात माणूस एकटाही जगू शकत नाही, घरून पैसे येतात त्यांनाच हे काम परवडतं.

याची सुरुवात १ जानेवारी १९६३ ला झाली असं इकडे बरेच जण मानतात. मांगा लेखक तेझुका ओसामूंची अर्ध्या तासाची साप्ताहिक अ‍ॅनिमे सिरीज त्या दिवशी फुजी टीव्हीवर आली आणि त्यांनी ती खर्चापेक्षा कमी पैशात चॅनलला दिली, भरपाई मर्चंडाइजमधून, स्पॉन्सर मेइजी हे चॉकलेटवाले. जुनी मंडळी अजून त्यांना दोष देतात की त्यांनी भावच पाडून ठेवला. मला हे अर्धंच खरं वाटतं, साठ वर्षांपूर्वीचा भाव आजपर्यंत का टिकला याचं उत्तर त्यांच्यानंतर आलेल्यांनी द्यायला हवं ना. पण एक गोष्ट त्या तंगीतून आली ती फार सुंदर आहे. चित्रं कमी काढायची म्हणून त्यांनी चित्र थांबवलं, चेहरा स्थिर आणि फक्त ओठ हलतात, किंवा नुसतं आकाश आणि त्यावर आवाज. बाहेरचे लोक याला जपानी शांततेचं सौंदर्य वगैरे म्हणतात. आधी ते बजेट होतं. मात्र ते चाललं, कारण थांबलेल्या क्षणातला ताण जपानी प्रेक्षकाला काबुकी या पारंपरिक नाटकापासून माहीत होता, तिथे नट ऐन क्षणी पोज घेऊन गोठतो आणि थिएटर दणाणतं. तंगी आणि परंपरा इथे अशी एकमेकांत गुंतलीय की सुटी करता येत नाही.

रात्रीचे स्लॉट हा असाच प्रकार. मध्यरात्रीनंतर एक-दीडला अ‍ॅनिमे कोण बघतं असं वाटतं, पण तो वेळ कमिटी स्वतः चॅनलकडून विकत घ्यायची, कारण ती सिरीज म्हणजे खरं तर महागड्या डिस्कची जाहिरात होती, दोन एपिसोडची एक डिस्क सहा-सात हजार येनला. स्ट्रीमिंग आलं आणि ते गणित मोडलं, आता पैसा परदेशी प्लॅटफॉर्मकडून येतो. कमिटी मात्र राहिली.

मांगाचं गणित वेगळं आहे आणि मला ते जास्त निरोगी वाटतं, तरी निर्दयी आहे. कॉपीराइट लेखकाकडे राहतो. शुएइशा या प्रकाशकाचं शोनेन जंप हे मांगाचं साप्ताहिक १९६८ ला सुरू झालं, १९९४ च्या शेवटाला एकेका अंकाच्या ६५ लाखांवर प्रती गेल्या. त्यात प्रत्येक अंकात वाचकांसाठी पोस्टकार्ड असायचं, तुम्हाला आवडलेल्या तीन गोष्टी लिहून पाठवा, आणि त्यावरून क्रमांक लागायचा, खाली राहिलात तर पहिल्या काही महिन्यांतच सिरीज बंद, लेखक कितीही मोठा असो. दहा-बारा वर्षांच्या मुलाचं मत एवढं गंभीरपणे घेणारी इंडस्ट्री मी दुसरी बघितली नाही. आणि लेखकाच्या मागे एक एडिटर असतो, तो गोष्ट ठरण्याच्या पहिल्या स्केचपासून सोबत बसतो, भांडतो, रात्री पानं न्यायला येतो. चांगली मांगा दोघांची असते, नाव एकाचंच येतं. बाकी असिस्टंटचा पगार लेखक स्वतःच्या पानामागच्या मानधनातून देतो, त्यामुळे नवीन लेखक मासिकाच्या पैशात बऱ्याचदा तोट्यातच असतो आणि पुस्तकाच्या रॉयल्टीची वाट बघतो, ती साधारण दहा टक्के.

मात्र मांगावरून सिनेमा किंवा टीव्ही मालिका निघाली की लेखक पुन्हा बाहेरचा होतो. यामाझाकी मारी या लेखिकेने टीव्हीवर सांगितलं होतं की त्यांच्या मांगावरचा २०१२ चा सिनेमा जवळपास ६०० कोटी येन कमावून गेला आणि त्यांना हक्काचे मिळाले साधारण दहा लाख. त्यापेक्षा वाईट घडलं ते २०२४ च्या जानेवारीत, आशिहारा हिनाको या मांगा लेखिका गेल्या, टीव्ही मालिकेत आपली गोष्ट बदलू नये म्हणून त्या धडपडत होत्या. नंतर चॅनलने आणि प्रकाशकाने आपापले चौकशी अहवाल काढले. लेखिका आणि पटकथाकार यांची थेट भेटच झाली नव्हती, सगळे निरोप एडिटर आणि प्रोड्युसर यांच्या हातून जात होते, आणि काम सुरू झालं तेव्हा लेखी करार झालेला नव्हता. मी दुभाषी असल्यामुळे हे वाचून फार अस्वस्थ झाले. मधल्या माणसाने निरोप मऊ करून पुढे द्यायचा ही इथली पद्धत आहे, रोजच्या कामात ती माणुसकीची असते, कुणाचं मन दुखत नाही. पण 'हे बदलायचं नाही' हे वाक्य मऊ झालं की ते वाक्यच राहत नाही. ते कागदावर असायलाच हवं.

आता कलाकार. इथे एजन्सीला 'जिमुशो' म्हणतात आणि आपल्याकडच्या मॅनेजरशी तिची गल्लत करू नका, आपल्या गायकीतल्या घराण्याच्या जास्त जवळ जाणारं नातं आहे. पोर लहानपणी आत जातं, एजन्सी शिकवते, राहायला जागा देते, कामं आणते आणि पगार देते, आणि त्या बदल्यात काय करायचं, कुणाशी बोलायचं हे ती ठरवते. योशिमोतो कोग्यो ही ओसाकाची कंपनी १९१२ पासून विनोदाच्या धंद्यात आहे, त्यांची शाळा १९८२ ला निघाली, तिथे कुठल्या वर्षी भरती झालात त्यावर सीनियर-ज्युनियर ठरतं, वय कितीही असो. जेवायला गेलं की सीनियर बिल भरतो, स्वतः कडका असला तरी. टीव्ही स्टुडिओत रात्री अकराला आलात तरी 'ओहायो गोझाइमासु' म्हणजे गुड मॉर्निंगच म्हणायचं. मला हे आवडतं, खरंच. पण २०१९ मध्ये त्यांच्या काही कॉमेडियन्सनी एजन्सीला न सांगता बाहेर शो केल्याचं प्रकरण निघालं तेव्हा कळलं की सुमारे ६००० कलाकारांपैकी बहुतेकांकडे लेखी करारच नव्हता. आपण सगळे एक कुटुंब, कागद कशाला, अशी भूमिका होती. त्या गदारोळानंतर कागद आले.

जॉनीजचं प्रकरण तुम्हाला माहीत असेलच. बॉय बँडवर राज्य करणारी एजन्सी, संस्थापक जॉनी कितागावा २०१९ मध्ये गेले, आणि २०२३ च्या मार्चमध्ये बीबीसीची डॉक्युमेंटरी आली तेव्हा जगाला कळलं की त्यांनी कित्येक मुलांवर लैंगिक अत्याचार केले. जगाला तेव्हा कळलं. जपानमध्ये शुकान बुनशुन या साप्ताहिकाने १९९९ लाच छापलं होतं, टोकियो हायकोर्टाने २००३ मध्ये त्या आरोपांचा मुख्य भाग खरा मानला होता, आणि २००४ मध्ये सुप्रीम कोर्टाने एजन्सीचं अपील फेटाळलं. तरी टीव्हीवर जवळजवळ शांतता. सप्टेंबर २०२३ मध्ये कंपनीने कबूल केलं, नाव बदलून भरपाई देणारी कंपनी झाली, कलाकार नव्या कंपनीत गेले.

ही शांतता म्हणजे जपानी संकोच असं लेखांमधून लिहिलं गेलं आणि तिथेच माझा विरोध आहे. चॅनलच्या प्रोड्युसरला संकोच नव्हता, त्याला हिशोब कळत होता. एका एजन्सीकडे इतके स्टार आहेत की तिने उद्या सगळे काढून घेतले तर तुमचे प्राइम टाइमचे निम्मे शो बंद पडतील, मग बातमी कोण दाखवेल, दुसऱ्या एजन्सीचा बॉय बँड त्याच शोमध्ये कोण घेईल. धमकी द्यावीही लागत नाही, समोरचा आधीच ओळखून वागतो. हे ओळखून वागणं जपानी खरं, पण त्याच्या मागची भीती बुकिंगची आहे. २०१९ मध्येच स्पर्धा आयोगाने याच एजन्सीला तंबी दिली होती, सोडून गेलेल्या तीन गायकांना टीव्हीवर घेऊ नका असा दबाव आणला तर ते कायद्याविरुद्ध जाईल म्हणून. आणि उलटी बाजू २०२५ च्या जानेवारीत दिसली, फुजी टीव्हीने एका स्टारचं प्रकरण नीट हाताळलं नाही म्हणून स्पॉन्सर भराभर जाहिराती काढायला लागले, मग त्याच चॅनलची प्रेस कॉन्फरन्स दहा तासांहून जास्त चालली. पैसा जिथून येतो तिथून दबाव आला की बोलतात.

आयडॉलचं, म्हणजे फॅन्सच्या जिवावर चालणाऱ्या तरुण पॉप गायिकांचं, थोडक्यात सांगते. एकेबी-४८ या मुलींच्या ग्रुपने २००५ मध्ये टोकियोच्या आकिहाबारात २५० सीटचं छोटं थिएटर काढलं, कल्पना अशी की तुम्ही भेटू शकाल अशा आयडॉल. सीडीबरोबर हस्तांदोलनाचं तिकीट, २००९ ते २०१८ मतदानाचंही तिकीट, त्यामुळे एकच फॅन तीच सीडी ढिगाने घेतो. तो फॅन मूर्ख नाही, तो सीडी विकत घेतच नाहीये, ग्रुपमधल्या आपल्या आवडत्या मुलीला वर चढवतोय, तिची प्रगती हीच त्याची गोष्ट आहे. शिकत असलेल्या, अजून कच्च्या माणसाला पाठिंबा देणं याचं जपानला मनापासून अप्रूप आहे आणि त्यात चांगुलपणा आहे. पण मग ती मुलगी सगळ्यांची होते. २०१३ मध्ये याच ग्रुपमधल्या मिनेगिशी मिनामीने बॉयफ्रेंडची बातमी आली म्हणून डोकं भादरून रडत माफी मागितली, तो व्हिडिओ मला आजही बघवत नाही. प्रेम करायला बंदी ही परंपरा वगैरे काही नाही, विक्रीची अट आहे, आणि वीस वर्षांच्या मुलीकडून ती पाळून घेणं चूक आहे.

फॅन लोकांबद्दल मात्र मनापासून चांगलं बोलायचंय. कॉमिकेट हा फॅन लोकांचा मेळा १९७५ पासून भरतो, आता वर्षातून दोनदा टोकियो बिग साइटमध्ये, आणि तिथे लोक दुसऱ्यांच्या कॅरेक्टरवर स्वतः काढलेल्या मांगा विकतात. कायद्याने पाहिलं तर बहुतेक उल्लंघनच. प्रकाशक तक्रार करत नाहीत, कारण उद्याचे लेखक तिथूनच येतात, आणि फॅनही मर्यादा सोडत नाहीत, प्रती थोड्या, ओरिजिनल लोगो वापरायचा नाही. २०१८ मध्ये कॉपीराइटचा कायदा कडक केला तेव्हा सरकारने या प्रकाराला मुद्दाम जागा ठेवली. न बोलता ठरलेली गोष्ट एवढी वर्षं दोन्ही बाजूंनी पाळलेली मी दुसरीकडे कुठे बघितली नाही. भारतीय सिनेमालाही याच फॅन्सचा फायदा झाला, 'आरआरआर' ऑक्टोबर २०२२ ला इथे लागला आणि एक वर्षाहून जास्त चालला, त्याचे खास शो व्हायचे जिथे ओरडायला परवानगी असते. एरवी थिएटरमध्ये टाचणी पडली तरी ऐकू येईल, पण ओरडायचा शो म्हटलं की पेनलाइट, टाळ्या, घोषणा, सगळं.

आता मूळ प्रश्नाकडे, चित्र काढणाऱ्याचे पैसे. 'कल्चरच तसं आहे' म्हणणाऱ्यांना मी क्योतो अ‍ॅनिमेशन दाखवते. हात्ता योको या आधी तेझुकांच्या स्टुडिओत रंगकाम करायच्या, लग्न होऊन क्योतोजवळ आल्या आणि आजूबाजूच्या बायकांना घेऊन १९८१ ला रंगाचंच काम सुरू केलं, त्यातून हा स्टुडिओ उभा राहिला. चित्रामागे नाही, महिन्याला पगार. स्वतःची ट्रेनिंगची शाळा. वर्षाला कमी कामं. पुढे स्वतःची कथास्पर्धा काढून पुस्तकंही स्वतःच छापली, म्हणजे मूळ गोष्टीचे हक्क घरातच. त्यांच्या फ्रेममध्ये केसांची एक बट हलते ती बघा, तेवढा वेळ पगार मिळणाऱ्यालाच देता येतो. १८ जुलै २०१९ ला तिथे आग लावली गेली, ३६ माणसं गेली, जगभरातून ३३० कोटी येनहून जास्त मदत आली. आम्ही त्या दिवशी ऑफिसात काम करूच शकलो नाही. तोच देश, तेच कल्चर, तोच धंदा, फक्त करार वेगळा.

बदल होतोय, हळू. २०२० चा 'मुगेन ट्रेन' हा सिनेमा ४००० कोटी येनच्या पुढे गेला, त्याच्या कमिटीत फक्त तीन जण होते आणि त्यातला एक स्वतः स्टुडिओ, युफोटेबल. माप्पा या स्टुडिओने २०२२ मध्ये एक मोठी सिरीज सगळा पैसा स्वतःचा घालून केली. नोव्हेंबर २०२४ पासून फ्रीलान्सरसाठी नवीन कायदा लागू आहे, काम देताना अटी लेखी द्यायच्या आणि झालेलं काम कंपनीच्या हातात पडल्यापासून ६० दिवसांत पैसे. अंमलबजावणी अजून ढिली आहे, छोटे स्टुडिओ फोनवरच काम देतात.

तुमच्यापैकी कुणाला इकडे यायचं असेल, चित्रकार म्हणून किंवा भाषांतराला, तर भाषा एन-टू लेव्हलला (जपानी भाषेच्या परीक्षेतली वरून दुसरी पातळी) आणाच, नाहीतर मिटिंगमधली शांतता कळणार नाही. स्टुडिओ निवडताना त्याची हिट सिरीज बघू नका, पगार महिन्याचा की चित्रामागे आणि स्टुडिओ कमिटीत पैसे टाकतो की नुसती फी घेतो, हे दोन प्रश्न विचारा. विचारणं उद्धटपणा समजला जाईल अशी भीती वाटते, मलाही सुरुवातीला वाटायची, पण नम्रपणे ईमेलवर विचारलं तर चांगल्या जागी नीट उत्तर येतं. आणि काम सुरू करण्याआधी अटी लेखी मागा, आता कायदा तुमच्या बाजूने आहे.